एक नाव, अनेक कर्ते : ‘थॉमस स्टीफन्स’ या नामसाम्याच्या निमित्ताने कर्तृत्वनिर्णयाचा विचार

१. प्रास्ताविक

एकाच नावाच्या अनेक कवींमुळे निर्माण होणारा गोंधळ मराठी वाङ्मयाच्या अभ्यासकांना नवा नाही. चौदाव्या शतकातील संत नामदेव आणि सोळाव्या शतकातील विष्णुदास नामा या दोघांची रचना ‘नामा’ या एकाच मुद्रेमुळे गाथेत एकमेकींत मिसळून गेली आणि ती निवडून वेगळी करण्याचे काम अनेक संशोधकांना पिढ्यान्‌पिढ्या करावे लागले. याच्या उलट टोकाचा प्रसंग म्हणजे ‘ज्ञानेश्वरी’कर्ते आणि अभंगकर्ते ज्ञानदेव हे दोन भिन्न पुरुष होत, असा शिवरामपंत भारदे यांनी ‘भारद्वाज’ या टोपणनावाने १८९८-९९ मध्ये ‘सुधारका’तून मांडलेला पक्ष. पहिल्या प्रसंगात एका नावाखाली दोन कवी एक झाले होते. दुसऱ्यात एका नावाखालचा कवी दोन करण्याचा प्रयत्न झाला. दोहोंच्या मुळाशी प्रश्न एकच आहे. नाव हे व्यक्तीच्या ओळखीचा पुरावा कितपत ठरू शकते?

हा प्रश्न केवळ आपल्या हस्तलिखित परंपरेपुरता आहे, मुद्रित ग्रंथांच्या आणि विशेषतः इंग्रज लेखकांच्या बाबतीत तो उद्भवत नाही, अशी एक समजूत आपल्याकडे नकळत रूढ झालेली दिसते. ग्रंथावर छापलेले नाव म्हणजे लेखकाचा पक्का पत्ता, असे आपण मानतो. ही समजूत तपासून पाहणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. त्यासाठी ‘थॉमस स्टीफन्स’ हे अत्यंत सामान्य इंग्रजी नाव निवडले आहे. या निवडीचे कारण उघड आहे. ‘क्रिस्तपुराणा’च्या कर्त्यामुळे हे नाव मराठी वाङ्मयाच्या इतिहासात कायमचे दाखल झाले आहे, आणि त्याच वेळी याच नावाने ओळखल्या गेलेल्या अनेक उल्लेखनीय व्यक्ती इंग्लंड व वेल्समध्ये होऊन गेल्या आहेत. या व्यक्ती एकमेकींपासून वेगळ्या कशा ओळखाव्यात, हे पाहताना कर्तृत्वनिर्णयाच्या आपल्या नेहमीच्या कसोट्यांचे बळ आणि त्यांच्या मर्यादा दोन्ही स्पष्ट होतील.

२. नावाची घडण

प्रथम नावाचाच विचार करू. ‘थॉमस’ हे नाव बायबलातून आलेले असले तरी इंग्लंडमधील त्याच्या प्रसाराला कँटरबरीचे आर्चबिशप थॉमस बेकेट यांच्या ११७० मधील हत्येने आणि त्यानंतर त्यांना लाभलेल्या संतपदाने मोठे बळ दिले. पुढे अनेक शतके इंग्लंडमधील पुरुषनामांचा साठा अगदी मर्यादित राहिला. जॉन, थॉमस, विल्यम अशा मोजक्या नावांतच गावेच्या गावे सामावलेली असत. ‘स्टीफन्स’ हे आडनाव पितृवाचक आहे. शेवटचा ‘स’कार हा षष्ठीचा असून ‘स्टीफनचा मुलगा’ हा त्याचा मूळ अर्थ. म्हणजे एक सामान्य व्यक्तिनाम आणि दुसऱ्या सामान्य व्यक्तिनामापासून बनलेले आडनाव अशा दोन सामान्य घटकांची ही जोडणी आहे. वेल्समध्ये तर ‘अमक्याचा मुलगा तमका’ ही जुनी पद्धती मागे पडून पित्याचे नावच कायमचे आडनाव झाले, तेव्हा आडनावांचा साठा फारच तोकडा उरला.

मराठी नावात व्यक्ती, पिता आणि आडनाव असे तीन घटक असतात. त्यामुळे पिता व पुत्र यांची नावे सहसा एक होत नाहीत. इंग्रजी पद्धतीत हा आडसर नाही. पित्याचेच नाव पुत्राला देण्याची तेथे रूढी आहे, आणि मग दोघांत फरक करायला नावात काहीच उरत नाही. संस्कृतचे अभ्यासक सर विल्यम जोन्स (१७४६-१७९४) आणि वर्तुळाचा परीघ व व्यास यांच्या गुणोत्तरासाठी ग्रीक ‘पाय’ हे चिन्ह १७०६ मध्ये प्रथम योजणारे गणितज्ञ विल्यम जोन्स हे पुत्र आणि पिता होत, हे उदाहरण या संदर्भात पुरेसे बोलके आहे.

आणखी एक मुद्दा उच्चाराचा आहे. इंग्रजीत या आडनावाची वर्णरचना दोन प्रकारे केली जाते. परंतु दोहोंचा उच्चार एकच, ‘स्टीव्हन्स’ असा होतो. मराठीत आपण उच्चार न पाहता वर्णरचनेवरून ‘स्टीफन्स’ असे लिहितो. त्यामुळे जे भेद इंग्रजी कानाला ऐकूच येत नाहीत ते देवनागरीत ठळक होऊन बसतात. सोळाव्या-सतराव्या शतकांत तर वर्णरचना स्थिर नव्हतीच. एकाच माणसाचे नाव वेगवेगळ्या लेखनिकांनी वेगवेगळे लिहावे, ही तेव्हाची सर्वसाधारण रीत होती. म्हणून ‘स्टीफन्स’ व ‘स्टीव्हन्स’ ही दोन भिन्न माणसे असलीच पाहिजेत, असे केवळ लेखनभेदावरून ठरवता येत नाही; आणि लेखन एकच आहे म्हणून माणूसही एकच, असेही म्हणता येत नाही.

३. ‘क्रिस्तपुराणा’चा कर्ता : एका व्यक्तीची अनेक नावे

‘क्रिस्तपुराणा’च्या कर्त्याचा जन्म १५४९ च्या सुमारास इंग्लंडमधील विल्टशर परगण्यात झाला. १५७५ मध्ये रोम येथे त्यांनी जेजुइट संघात प्रवेश केला. ४ एप्रिल १५७९ रोजी लिस्बनहून निघून ते त्याच वर्षीच्या २४ ऑक्टोबरला गोव्यास पोहोचले आणि १६१९ मध्ये गोव्यातच निवर्तले. म्हणजे आयुष्याची शेवटची चाळीस वर्षे त्यांनी मुख्यतः गोव्यातील साष्टी भागात काढली. एवढा जीवनपट वाचकांना परिचित आहे. येथे प्रश्न आहे तो वेगवेगळ्या कागदपत्रांत हा पुरुष कोणत्या नावाने भेटतो, हा.

गोव्यास पोहोचल्यावर अवघ्या काही दिवसांत, १० नोव्हेंबर १५७९ रोजी, त्यांनी लंडनमध्ये व्यापार करणाऱ्या आपल्या पित्याला पत्र लिहून समुद्रप्रवासाची हकीकत कळवली. रिचर्ड हॅक्लूट यांनी इंग्रजांच्या सागरी प्रवासांचा जो मोठा संग्रह सिद्ध केला त्यात हे पत्र समाविष्ट आहे. तेथील मथळ्यात पत्रलेखकाचे नाव ‘थॉमस स्टीव्हन्स’ असे आहे; आणि ज्यांना ते लिहिले त्या पित्याचे नावही ‘थॉमस स्टीव्हन्स’ असेच आहे. याचा अर्थ असा की, या कवीचे नामसाम्य शोधण्यासाठी आपल्याला दूर जावे लागत नाही. ते त्याच्या घरातूनच सुरू होते. त्या काळातील लंडनच्या एखाद्या व्यापारी कागदपत्रात ‘थॉमस स्टीफन्स’ हे नाव आढळले, तर ते कोणाचे समजावे, हा प्रश्न कालाच्या आणि स्थळाच्या दोन्ही कसोट्यांना काही काळ तरी निरुत्तर करणारा आहे.

२४ ऑक्टोबर १५८३ चे त्यांचे दुसरे पत्र पॅरिसमध्ये असलेल्या बंधू रिचर्डना उद्देशून असून ते लॅटिनमध्ये आहे. येथील भाषांची घडण ग्रीक व लॅटिन यांच्याशी मिळतीजुळती आहे, हे प्रसिद्ध निरीक्षण याच पत्रातले. त्याच सुमारास होर्मुझ येथे पकडून गोव्यास आणलेल्या जॉन न्यूबेरी, रॅल्फ फिच आदी इंग्रज प्रवाशांना त्यांनी साहाय्य केले. त्या मंडळींच्या लेखनात ते इंग्रजी नावानेच येतात.

मात्र गोव्याच्या सार्वजनिक व्यवहारात त्यांचे इंग्रजी नाव चालत नव्हते. तेथे ते ‘पाद्री तोमाझ एस्तेव्हांव’ होते. १६१६ मध्ये रायतूर येथे रोमन लिपीत छापलेल्या ‘क्रिस्तपुराणा’च्या प्रती आज उपलब्ध नाहीत, परंतु हस्तलिखितांतून उतरून आलेल्या शीर्षकपृष्ठावर याच पोर्तुगीज रूपाचा उल्लेख असून त्यापुढे ‘इंग्रज’ असे विशेषण आहे. त्यांच्या मृत्यूनंतर १६२२ मध्ये रायतूरलाच छापलेल्या ‘दौत्रिना क्रिस्तां’ या कोंकणी प्रश्नोत्तरीवर ‘लंडनचे रहिवासी’ या अर्थाचे विशेषण आहे. याखेरीज जेजुइट संघाशी संबंधित लेखनात ‘बस्टन’, ‘बुस्टेन’, ‘द बब्स्टन’ अशीही त्यांची नावे आढळतात. ही नावे बहुधा त्यांच्या विल्टशरमधील जन्मग्रामावरून पडली असावीत. आपल्याकडे गावाच्या नावाला ‘कर’ लावून माणूस ओळखण्याची जी रीत आहे तिचाच हा परदेशी नमुना होय.

येथे थोडे थांबून विचार केला पाहिजे. ‘स्टीव्हन्स’, ‘स्टीफन्स’, ‘एस्तेव्हांव’, ‘बस्टन’. ‘इंग्रज’, ‘लंडनचा’, ‘विल्टशरचा’. समजा, दुवे जोडणारी पत्रे नष्ट झाली असती आणि केवळ ही नामरूपे व विशेषणे आपल्या हाती आली असती, तर एखाद्या काटेकोर संशोधकाने यांतून किमान दोन-तीन भिन्न पाद्री उभे केले असते आणि त्या निष्कर्षाला वरवर पाहता दोष देता आला नसता. विल्टशरमध्ये जन्मलेल्या माणसाला ‘लंडनचा’ म्हटले जाणे ही विसंगती वाटते. परंतु पिता लंडनला व्यापार करीत होता हे कळताच ती सुटण्याचा मार्ग दिसतो. विशेषणातील विरोध हा व्यक्तिभेदाचा पुरावा मानण्यापूर्वी त्याचा उलगडा होतो काय, हे पाहिले पाहिजे, असा धडा यातून मिळतो.

४. त्याच नावाचे इतर उल्लेखनीय पुरुष

आता दुसरी बाजू पाहू. ‘क्रिस्तपुराणा’च्या कर्त्याव्यतिरिक्त या नावाचे जे पुरुष ज्ञात आहेत त्यांपैकी चौघांचा येथे निर्देश करावयाचा आहे.

पहिले सतराव्या शतकातील शिक्षक थॉमस स्टीफन्स. रोमन कवी स्टेशियस यांच्या ‘थीबाइस’ या महाकाव्याच्या पहिल्या पाच सर्गांचा त्यांनी केलेला इंग्रजी पद्यानुवाद १६४८ मध्ये प्रसिद्ध झाला. ग्रंथावर नावाऐवजी ‘टी. एस.’ ही आद्याक्षरे आहेत. नामसाम्य जेवढे फसवे, तेवढेच आद्याक्षरसाम्य अधिक फसवे असते. हा अनुवाद प्रसिद्ध झाला त्याच दशकात गोव्यात ‘क्रिस्तपुराणा’ची दुसरी आवृत्ती (१६४९) निघाली, ही गोष्ट ध्यानात घेतली तर केवळ नाव व काळ यांवर विसंबणाऱ्याची वाट कशी चुकू शकते ते दिसेल. दोन्ही कृती प्रदीर्घ आख्यानकाव्याच्या क्षेत्रातल्या, दोन्हींचे कर्ते ‘थॉमस स्टीफन्स’, दोन्हींची प्रकाशने वर्षभराच्या अंतराने. आणि तरीही दोघांचा एकमेकांशी काहीही संबंध नाही.

दुसरे कॉव्हेंट्रीचे विणकर थॉमस स्टीव्हन्स (१८२८-१८८८). यंत्रमागावर रेशमी चित्रे व वाचनखुणा विणण्याची कला त्यांनी व्यापारी प्रमाणावर यशस्वी केली, आणि अशा चित्रांना त्यांच्याच आडनावावरून ‘स्टीव्हनग्राफ’ हे नाव मिळाले. येथे आडनाव माणसापासून सुटून वस्तूला चिकटले. वाङ्मयीन कर्तृत्वाशी त्यांचा संबंध नसल्यामुळे या उल्लेखापलीकडे जाण्याचे कारण नाही.

तिसरे प्रवासी थॉमस स्टीव्हन्स (१८५४-१९३५). पुढचे चाक प्रचंड व मागचे लहान अशा जुन्या घडणीच्या सायकलवरून पृथ्वीप्रदक्षिणा करणारे हे पहिले गृहस्थ. एप्रिल १८८४ मध्ये ते सॅन फ्रान्सिस्कोहून निघाले आणि डिसेंबर १८८६ मध्ये जपानमधील योकोहामा येथे त्यांचा प्रवास संपला. वाटेत १८८६ मध्ये त्यांनी लाहोरपासून कलकत्त्यापर्यंतचा मार्ग सायकलवरून आक्रमिला. त्यांचे प्रवासवर्णन दोन खंडांत १८८७ व १८८८ मध्ये प्रसिद्ध झाले. सूचिकारांच्या दृष्टीने सर्वांत धोक्याचे नामसाम्य हेच आहे. ‘थॉमस स्टीव्हन्स, भारतात आलेले इंग्रज, प्रवासवृत्ताचे लेखक’ ही नोंद १५७९ च्या पत्रलेखकालाही लागू पडते आणि १८८६ च्या सायकलस्वारालाही. हॅक्लूटच्या संग्रहातील लेखनपद्धती घेतली तर दोघांच्या नावांत अक्षराचाही फरक उरत नाही. वर्ष काढून टाकले की तीन शतकांचे अंतर एका ओळीत नाहीसे होते.

चौथे आणि आपल्या विषयाच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचे म्हणजे वेल्श वाङ्मयाचे समीक्षक थॉमस स्टीफन्स (१८२१-१८७५). मर्थर टिडव्हिल या गावी औषधांचे दुकान चालवणाऱ्या या गृहस्थांनी १८४८ मध्ये अबरगव्हेनी येथील ‘आइस्टेथव्हॉड’ या वाङ्मयोत्सवातील स्पर्धेसाठी बाराव्या व त्यानंतरच्या दोन शतकांतील वेल्श वाङ्मयावर निबंध लिहून पारितोषिक मिळवले. तोच १८४९ मध्ये ‘द लिटरेचर ऑफ द किम्री’ या नावाने ग्रंथरूप झाला. या ग्रंथाचे वैशिष्ट्य असे की, त्यात कर्तृत्वनिर्णयाचाच प्रश्न ऐरणीवर आलेला आहे. सहाव्या शतकातील टॅलिएसिन या आद्यकवीच्या नावावर परंपरेने जी काव्ये चालत आली होती त्यांपैकी बरीच त्या प्राचीन कवीची नसून पुष्कळ उत्तरकालीन आहेत, असे स्टीफन्स यांनी भाषा, आशय व ऐतिहासिक उल्लेख यांच्या आधारे दाखवण्याचा यत्न केला. एका वंदनीय नावाभोवती कित्येक पिढ्यांची रचना कशी गोळा होते, हे नामदेवगाथेच्या अभ्यासकाला वेगळे सांगावयास नको. पुढील संशोधकांनी त्यांच्या निर्णयांत फेरफार केले असले, तरी चिकित्सक पद्धतीचा आरंभ करण्याचे श्रेय त्यांच्याकडे जाते.

या चिकित्सेची किंमतही त्यांनी मोजली. मॅडॉक नावाच्या वेल्श राजपुत्राने बाराव्या शतकातच अमेरिकेचा शोध लावला, अशी एक आख्यायिका वेल्समध्ये अभिमानाने सांगितली जात असे. १८५८ मध्ये लँगॉथ्लेन येथील उत्सवात या विषयावर निबंधस्पर्धा होती. स्टीफन्स यांनी उपलब्ध पुरावा तपासून ही आख्यायिका इतिहास म्हणून टिकत नाही असा निष्कर्ष काढला. त्यांच्या निबंधाच्या गुणवत्तेविषयी वाद नव्हता. परंतु निष्कर्ष प्रतिकूल म्हणून त्यांना पारितोषिक नाकारण्यात आले. हा निबंध त्यांच्या मृत्यूनंतर १८९३ मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाला. पुरावा मनाविरुद्ध जात असतानाही त्याच्याशी प्रामाणिक राहण्याचा हा प्रसंग कर्तृत्वनिर्णयाचे काम करणाऱ्या कोणाही अभ्यासकाने स्मरणात ठेवण्यासारखा आहे.

५. मराठी संशोधनातील जवळचे धोके

वरील चौघांपैकी कोणाचीही ‘क्रिस्तपुराणा’च्या कर्त्याशी गफलत झाली तरी ती थोड्या सावधपणाने सुधारता येते. याहून सूक्ष्म धोका गोव्याच्याच ख्रिस्ती मराठी वाङ्मयात दडलेला आहे. ‘पेत्रुपुराण’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या, १६२९ मध्ये गोव्यात छापलेल्या ओवीबद्ध ग्रंथाचे कर्ते एतिएन द ला क्रुआ हे फ्रेंच जेजुइट होते. ‘एतिएन’ हे ‘स्टीफन’ याच नावाचे फ्रेंच रूप. आणि पोर्तुगीजमध्ये दोहोंचे रूप ‘एस्तेव्हांव’ असेच होते. त्यामुळे पोर्तुगीज साधनांत एक ‘तोमाझ एस्तेव्हांव’ तर दुसरे ‘एस्तेव्हांव द क्रूझ’ झाले. दोघेही जेजुइट, दोघेही गोव्यात, दोघेही मराठी ओवीत पुराण रचणारे, दोघांच्या ग्रंथप्रकाशनांत अवघ्या तेरा वर्षांचे अंतर. केवळ ‘पाद्री एस्तेव्हांव यांचे पुराण’ एवढाच उल्लेख कोठे मिळाला, तर तो कोणाचा हे संदर्भावरूनच ठरवावे लागेल. एकाचे ते आडनाव आहे आणि दुसऱ्याचे व्यक्तिनाम, हा भेद येथे निर्णायक ठरतो. आणि मराठी लेखनात नेमका तोच पुसला जातो.

संपादकांच्या नावांबाबतही असाच प्रकार आहे. ‘क्रिस्तपुराणा’ची १९०७ ची मंगळूर आवृत्ती जोसेफ एल. सालढाणा यांनी सिद्ध केली. १६२२ च्या ‘दौत्रिना क्रिस्तां’ची १९४५ ची लिस्बन आवृत्ती मारियानो सालढाणा यांनी. आपल्या प्रबंधांतून ‘सालढाणा म्हणतात’ असे आद्याक्षरांशिवाय लिहिण्याचा प्रघात आहे. अशा वेळी वाचकाने कोणते सालढाणा समजावे? लेखकाचे नामसाम्य सोडवताना संपादकाच्या नामसाम्यात अडकण्याचा हा प्रकार प्रबंधलेखकांनी टाळला पाहिजे.

स्थळनामही याला अपवाद नाही. गोव्यातील साष्टी आणि मुंबईलगतची साष्टी या दोन्ही प्रदेशांचे नाव एकच, आणि दोन्हीकडे पोर्तुगीज सत्ता व जेजुइट मिशन होते. एखाद्या कागदात ‘साष्टी’ आहे एवढ्यावरून तो गोव्याचा ठरत नाही.

६. कसोट्या आणि त्यांच्या मर्यादा

आतापर्यंतच्या विवेचनावरून कर्तृत्वनिर्णयाच्या चार कसोट्या हाती येतात : काल, स्थळ, संस्था आणि भाषा. ‘थॉमस स्टीफन्स’च्या निमित्ताने या प्रत्येकीची मर्यादाही दाखवता येते.

कालाची कसोटी सर्वांत भक्कम. सायकलस्वार, विणकर व वेल्श समीक्षक यांना ती एका क्षणात बाजूला काढते. परंतु ग्रंथाचे प्रकाशनवर्ष म्हणजे लेखनवर्ष नव्हे. स्टीफन्स यांचे कोंकणी भाषेचे व्याकरण त्यांच्या मृत्यूनंतर एकवीस वर्षांनी, १६४० मध्ये रायतूरला छापले गेले. केवळ मृत्युवर्ष व प्रकाशनवर्ष यांच्या तुलनेवरून निर्णय केला असता तर हा ग्रंथ दुसऱ्याच कोणाचा ठरला असता. शिवाय त्याच्या शीर्षकपृष्ठावरच दियोगु रिबेरु यांनी त्यात भर घातल्याचे आणि आणखी चार पाद्रींनी तो तपासून दुरुस्त केल्याचे नमूद आहे. म्हणजे छापलेले नाव एकाचे असले तरी संहितेतील हात सहांचे आहेत. एका नावाचे अनेक कर्ते या शब्दप्रयोगाला येथे आणखी एक अर्थ प्राप्त होतो.

स्थळाची कसोटी साष्टीच्या उदाहरणाने सापेक्ष ठरते. संस्थेची कसोटी, म्हणजे जेजुइट संघाचे सदस्यत्व, शिक्षक स्टीफन्स यांना वेगळे काढते, पण दोन एस्तेव्हांवांपुढे ती थांबते. एखाद्या इंग्रजी विद्यापीठाच्या जुन्या नोंदवहीत ‘थॉमस स्टीफन्स’ हे नाव सापडले म्हणून आपल्या कवीचे शिक्षण तेथे झाले, असेही म्हणता येत नाही. हे नाव किती सामान्य होते हे लक्षात घेतले, तर अशी नोंद शक्यता सुचवते, सिद्ध काहीच करीत नाही.

सर्वांत विचार करण्याजोगी आहे ती भाषेची कसोटी. ‘क्रिस्तपुराण’ मराठीत आहे; प्रश्नोत्तरी कोंकणीत आहे; बंधूला लिहिलेले पत्र लॅटिनमध्ये आहे; पित्याला लिहिलेले पत्र इंग्रजीत आपल्यापर्यंत आले आहे; व्याकरणाची विवेचनभाषा पोर्तुगीज आहे. पुराणातील प्रौढ, अलंकृत ओवी आणि मुलांना शिकवण्यासाठी रचलेल्या प्रश्नोत्तरीतील साधे गद्य यांत शैलीचे अंतर एवढे आहे की, ‘भाषा भिन्न, म्हणून कर्ता भिन्न’ हे सूत्र येथे लावले तर एका स्टीफन्सचे चार-पाच स्टीफन्स होतील. प्रत्यक्षात माणूस एकच आहे. बदलले आहेत ते श्रोते आणि प्रयोजन.

याच ठिकाणी प्रास्ताविकात उल्लेखिलेल्या भारद्वाजांच्या पक्षाकडे परत वळावेसे वाटते. ‘ज्ञानेश्वरी’ची भाषा आर्ष आणि अभंगांची भाषा अर्वाचीन, ‘ज्ञानेश्वरी’त विठ्ठलभक्तीचा उच्चार नाही आणि अभंगांत ती ओतप्रोत, हे त्यांच्या युक्तिवादाचे प्रमुख आधार होते. अभंग मौखिक परंपरेने गायले जात असताना त्यांची भाषा बदलत गेली, हे उत्तर त्यावर दिले गेले आहे आणि ते वजनदार आहे. स्टीफन्स यांचे उदाहरण त्यात आणखी एका बाजूची भर घालते. त्यांची लेखने त्यांच्या हयातीत वा त्यानंतर लवकरच पत्रांतून व मुद्रणातून स्थिर झाली. तरीही एका व्यक्तीच्या लेखनात भाषेचा व शैलीचा एवढा भेद आढळतो. तेव्हा मौखिक परिवर्तनाचा आधार न घेताही असे म्हणता येते की, रचनाप्रकार व श्रोतृवर्ग बदलला म्हणजे एकाच कर्त्याची भाषा बदलू शकते. यावरून ज्ञानदेव एकच होते हे सिद्ध होत नाही. तो दावा येथे करावयाचा नाही. केवळ भाषाभेदावर आधारलेला द्वैतपक्ष अपुरा आहे, एवढेच यातून निष्पन्न होते.

७. समारोप

एवढ्या विवेचनावरून दोन विधाने करता येतील. नाव एक असणे हा व्यक्ती एक असल्याचा पुरावा नव्हे. आणि नाव वा भाषा भिन्न असणे हा व्यक्ती भिन्न असल्याचा पुरावा नव्हे. पहिल्या विधानाची सत्यता कवी, शिक्षक, विणकर, समीक्षक व प्रवासी या पाच स्टीफन्सांवरून पटते. दुसऱ्याची सत्यता त्यांतील एकट्या कवीवरूनच पटते. कोणतीही एक कसोटी स्वतंत्रपणे निर्णायक नसते. किमान दोन परस्परांवर अवलंबून नसलेले पुरावे एकाच दिशेने बोट दाखवू लागले म्हणजे कर्तृत्वाविषयी विधान करावे. तोवर ‘शक्य’, ‘संभाव्य’ आणि ‘सिद्ध’ या तीन पायऱ्यांतील अंतर लेखनात जपावे.

व्यवहाराच्या पातळीवर काही साध्या गोष्टी सुचवाव्याशा वाटतात. संदर्भसूचीत परदेशी लेखकाचे नाव प्रथम देताना जन्म-मृत्यूची वर्षे द्यावीत, ‘स्टीफन्स (१५४९?-१६१९)’ असे लिहिण्याला चार-पाच अक्षरांहून अधिक जागा लागत नाही. त्याच्या नावाची जी अन्य रूपे साधनांत आढळतात त्यांचा एकदा तरी निर्देश करावा, म्हणजे पुढच्या अभ्यासकाला ‘एस्तेव्हांव’ व ‘बस्टन’ या नोंदींपर्यंत पोहोचता येईल. संपादकांची आद्याक्षरे गाळू नयेत. आज संगणकावर नाव टाकताच नोंदींची रास समोर येते. परंतु यंत्र अक्षरे जुळवते, माणसे जुळवीत नाही. ते काम अभ्यासकाचेच राहते.

‘क्रिस्तपुराणा’च्या कर्त्याला आपण जे नाव देतो त्याच्या इंग्रजी उच्चाराप्रमाणे ते आपण लिहीत नाही, आणि ज्या समाजासाठी त्यांनी ओव्या रचल्या त्या समाजाच्या व्यवहारात तर ते निराळेच होते. तरीही शांताराम बंडेलू यांच्या १९५६ च्या देवनागरी आवृत्तीपासून ‘फादर स्टीफन्स’ हे रूप मराठी वाचकांच्या चांगले परिचयाचे झाले आहे, आणि ते बदलावे असे सुचवण्याचा येथे हेतू नाही. फक्त ते वापरताना या नावामागे एक विशिष्ट माणूस आहे, त्याला विल्टशरमधील एक गाव, लंडनमधील त्याच नावाचा एक पिता आणि साष्टीतील चाळीस वर्षे आहेत, याचे भान सुटू नये. नाव सारखे असलेल्या दुसऱ्या कोणाचे श्रेय त्याला देणे आणि त्याचे श्रेय दुसऱ्याला देणे, हे दोन्ही अन्यायच होत. असा अन्याय आपल्या हातून होऊ नये म्हणून घ्यावयाची खबरदारी, हीच कर्तृत्वनिर्णयाच्या या सगळ्या खटाटोपाची सार्थकता आहे.